डोंगरावर गेलेले बुर्रो

लग्न होऊन सोनोराच्या डोंगरात आली तेव्हा नेरेइदाला एका गोष्टीची पक्की खात्री होती. स्वयंपाकात आपल्याला कुणी हरवणार नाही. बेराक्रूसच्या बंदरात तिच्या आईची खानावळ होती. मासळी साफ करण्यापासून केळीच्या पानात मक्याचं पीठ वाफवण्यापर्यंत सगळं तिच्या हातात बाराव्या वर्षापासून बसलेलं. पण नवऱ्याच्या घरी पहिल्याच सकाळी सासूनं तिच्यापुढं कणकेचा एक उंडा ठेवला आणि म्हणाली, "ताण."

नेरेइदानं ताणला. उंडा मधोमध फाटला. दुसरा घेतला, तोही फाटला. तिसऱ्याला एवढं मोठं भोक पडलं की त्यातून तिची अंगठी खाली टपकली.

"आमच्याकडं मका खातात," ती म्हणाली.

"असू दे," सासू म्हणाली. "आमच्या कोंबड्यांनाही मका फार आवडतो."

या सासूचं नाव चोनाबाई. वय चौसष्ट, उंची सुनेच्या खांद्याला जेमतेम लागेल एवढी. नवरा जाऊन नऊ वर्षं झालेली. बोलणं कमी, आणि जे बोलायची ते चिमटा काढल्यासारखं. गावात तिच्या पोळ्यांचं नाव होतं. बाया सांगायच्या, चोनाची पोळी अंगावर पांघरून झोपता येईल. अकरा आठवडे नेरेइदा हे कौतुक ऐकत होती आणि मनात म्हणत होती, गव्हाची पोळी ती, तिचा एवढा काय बडेजाव!

जूनमधल्या एका रविवारी दुपारी ढग आले, नुसतेच गडगडले आणि निघून गेले. पाण्याचा थेंब पडला नाही. पण पलीकडच्या पाईनच्या रानात तीन विजा पडल्या. सूर्य कलला तेव्हा डोंगरावरून धुराची बारीक दोरी वर चढत होती. अंधार पडेपर्यंत तिचा दोरखंड झाला. गावातले धडधाकट पुरुष फावडी, कुदळी, कोयते आणि ओली पोती घेऊन निघाले. नेरेइदाचा नवरा आन्सेल्मो त्यांच्यात होता. घाईत त्यानं पाण्याची बाटली घेतली, बायकोचा गालगुच्चा घेतला, पण बरोबर जेवण घ्यायचं कुणालाच सुचलं नाही.

सोमवारी उजाडता उजाडता सरपंच रेयेस डोंगरावरून खाली आला. भुवया जळालेल्या, ओठ तडकलेले. तो सरळ चोनाबाईच्या दारात येऊन उभा राहिला.

"काकी, एकेचाळीस माणसं आहेत वर. खालच्या दोन गावांतलीही आलीत. सरकारी टोळी गुरुवारच्या आत येत नाही. त्यांना दुसरीकडं याहून मोठी आग लागलीय. ती अडवायला आम्ही माथ्यावरनं चर काढतोय. पण पोरांच्या पोटात कालपासून पाण्याशिवाय काही नाही." त्यानं दम घेतला. "गाढवं लागतील. शंभरेक तरी."

नेरेइदा झोपेतून उठून नुकतीच दारात आली होती. "शंभर गाढवं?" ती म्हणाली. "अहो, अख्ख्या गावात मिळून चार आहेत!"

रेयेस हसायला लागला आणि कळवळून त्यानं तोंडावर हात धरला. "हसवू नकोस वहिनी, ओठ फाटतात."

"खायचे बुर्रो म्हणतोय तो," चोनाबाई म्हणाली. "पोळीत गुंडाळलेले. पाठीवर ओझं लादलेलं गाढव दिसतं ना, तसे, म्हणून नावही गाढवाचंच. तुझ्या बंदरात काय, घोडे म्हणतात का त्यांना?"

नेरेइदाचे कान लाल झाले. अकरा आठवडे ती बुर्रो खात होती. तिला ते माहीत होतं. झोपेत जीभ घसरली, एवढंच. पण सासूला आता वर्षभराची शिदोरी मिळाली होती.

"रश्श्याचं पातेलं नाही का पाठवता येणार?" तिनं विचारलं. "मी करते ना. आमच्या खानावळीत दोनशे माणसं जेवायची."

"वर ताट नाही, चमचा नाही, बसायला जागा नाही," रेयेस म्हणाला. "एका हातात फावडं आणि दुसऱ्या हातात जेवण, असं पाहिजे."

तो पाणी पिऊन परत निघालासुद्धा. चोनाबाईनं केस घट्ट बांधले, बाह्या खांद्यापर्यंत गुंडाळल्या आणि शेजारच्या लिब्रादाकाकूला भिंतीवरून हाक मारली.

मोठं पातेलंभर राजमा आदल्या रात्रीच भिजत पडलेला होता, कारण त्या घरात तो रोजच भिजत पडलेला असायचा. तो चुलीवर चढला. लिब्रादाकाकूनं आपल्या घरचाही आणून त्यात ओतला. मीठ लावून तारेवर वाळवलेलं गाईचं मांस चोनाबाईनं कोठीतून काढलं. चामड्यासारखे कडक पापुद्रे होते ते. निखाऱ्यावर जरा शेकले की वास सुटायचा. मग दगडी उखळात घालून कुटायचे, अगदी तंतू तंतू मोकळे होईपर्यंत. हे काम नेरेइदाकडं आलं. तिनं कुटून कुटून मांसाचा कापूस केला. कांदा, लसूण, टोमॅटो आणि भाजून सोललेली हिरवी मिरची चरबीत परतून त्यात तो कापूस घातला, तेव्हा वासानंच तिच्या तोंडाला पाणी सुटलं. हे मात्र आईच्या खानावळीत कधी नव्हतं, तिनं मनातल्या मनात कबूल केलं.

राजमा शिजला, तसा तो चरबीत घोटायला घेतला.

"झाला?" तिनं विचारलं.

"कढईत पळीनं रेघ मार," लिब्रादाकाकू म्हणाली. "रेघ मिटली?"

"मिटली."

"मग नाही झाला. ओला राहिला की वाटेत पोळी भिजते आणि वर पोचतो तो लगदा. पोरं शिव्या देतील, त्या मला ऐकू येतील."

रेघ मिटायची थांबली तेव्हा सकाळचे नऊ वाजले होते. तोवर चोनाबाईच्या कणकेचे उंडे ओल्या फडक्याखाली निवांत मुरले होते. तिनं अंगणातली चूल पेटवली, तिच्यावर लोखंडी कढई पालथी घातली आणि पहिला उंडा उचलला.

अकरा आठवड्यांत नेरेइदानं हे रोज पाहिलं होतं, पण पाहिलं म्हणजे काय, शेजारी उभी राहून तोंड वाकडं केलं होतं. एका वेळी आठ-दहा पोळ्या, त्यातही तिचं अर्धं लक्ष दुसरीकडं. आज पोळ्या शंभराहून जास्त व्हायच्या होत्या आणि तिच्या भरण्याला पोळी मिळेपर्यंत तिला दुसरं काही कामच नव्हतं. म्हणून ती बघत उभी राहिली.

चोनाबाईनं उंडा तळव्यावर थापला. एका हातावरून दुसऱ्या हातावर, दुसऱ्यावरून पहिल्यावर. तो तळव्याएवढा झाला, मग ताटाएवढा. मग तो मनगटावरून खाली उतरला आणि तिनं हात पसरले. पोळी कोपरापर्यंत आली, कोपराच्याही पुढं गेली. त्या ठेंगण्या बाईच्या दोन्ही बाहूंवर आता एक पातळ, पांढरी, किंचित हलणारी चादर लोंबत होती. चोनाबाई तिला ओढत नव्हती. तिचे हात नुसते सरकत होते, आणि पोळी आपणहून वाढत होती, जशी काही तिची वाढ आधीपासूनच तिच्यात होती आणि फक्त कुणी ती मोकळी करायची खोटी होती.

चोनाबाई वळली. क्षणभर पोळी नेरेइदाच्या आणि डोंगराच्या मधे आली, आणि पोळीतून डोंगर दिसला. माथा दिसला, धूर दिसला, त्या धुराखालची तांबूस कडा दिसली. सगळा डोंगर त्या पिठाच्या पडद्यात मावला होता, आणि पडद्याला एकही भोक नव्हतं.

नेरेइदा हातातली पळी तशीच धरून बघत राहिली.

पोळी कढईवर पडली, फुगे आले, उलटली, निघाली. अर्ध्या मिनिटाचं काम.

"डोळे फाडून काय बघतेस?" चोनाबाई म्हणाली. "भर."

नेरेइदानं भरलं. आधी राजमा, वर मांस. वाळलेल्या चिल्टेपीनचे दोन दाणे. त्या मिरचीचे दोन दाणे म्हणजे माणसाला जागं करायला पुरेसे.

"अगं, गाठोडं बांधतेस का?" लिब्रादाकाकूनं तिचा हात धरला. "बाळाला दुपट्यात गुंडाळतात तसं. आधी पायाकडून वर, मग दोन्ही बाजू, मग घट्ट लोळव. बाळ सुटलं की रडतं."

दुपारी एकशे तेवीस बुर्रो फडक्यात गुंडाळून, टोपल्यात रचून, म्हाताऱ्या हिलारिओ आजोबांच्या दोन खेचरांवर चढले. तोवर चोनाबाई चूल सोडून एकदाही बाजूला झाली नव्हती. खेचरं दिसेनाशी झाली तशी तिनं कोठीतून पिठाचं दुसरं पोतं ओढलं.

"आता कुणासाठी?" नेरेइदानं विचारलं.

"आग उद्या उपास करणारे का?"

मंगळवारी टोपल्या दुप्पट झाल्या. खेचरं चार लागणार होती आणि एकट्या हिलारिओ आजोबांच्यानं चार आवरणं शक्य नव्हतं. गावात वर जाऊ शकेल असा पुरुष उरला नव्हता.

"मी जाते," नेरेइदा म्हणाली. तिचं तिलाच आश्चर्य वाटलं.

चोनाबाईनं तिच्याकडं पाहिलं. नेरेइदाला वाटलं, आता काहीतरी टोचून बोलेल. पण सासूनं आपल्या पायांतले जाड बूट काढले आणि तिच्यापुढं सरकवले. "माझे घाल. तुझ्या चपला पहिल्या दगडावर जीव देतील."

बूट दोन बोटं लहान होते. तरी ती गेली.

चढ चार तासांचा होता. पहिले दोन तास आग फक्त वासात होती. मग राख पडायला लागली, मऊ, कोमट, खेचरांच्या कानांवर. मग तिला आवाज आला. नेरेइदा समुद्राकाठी वाढलेली. वादळात धक्क्यावर आदळणारं पाणी तिनं ऐकलेलं. तिला वाटलं, डोंगरापलीकडं समुद्र आहे.

"हा कसला आवाज, आजोबा?"

"तीच," हिलारिओ आजोबा म्हणाले. त्यांनी डोक्यावरची टोपी काढून छातीशी धरली होती आणि ते त्यांच्याही लक्षात आलेलं दिसत नव्हतं.

माथ्यावर पोचल्यावर तिनं खाली पाहिलं आणि हातातला लगाम सुटला. पलीकडची सगळी उतरण पेटलेली होती. आग चालत नव्हती, चढत होती. एखादं पाईनचं झाड बुंध्यापासून शेंड्यापर्यंत एका दमात पेटायचं, आणि पेटायच्या आधी क्षणभर ते नुसतं थरथरायचं, हात लागल्यासारखं. माणसानं केलेली कुठलीच गोष्ट तिला या वेळी आठवेना. ना शहर, ना बंदर, ना जहाज. आपण किती एवढ्याशा आहोत हे तिला भीतीआधी कळलं. भीती मागून आली.

माथ्यावर रेयेस म्हणाला होता तो चर, तीन पावलं रुंदीचा उघड्या मातीचा पट्टा होता. डोळे पोचतील तिथवर लांब. दोन दिवसांत एकेचाळीस माणसांनी तो खणला होता. त्याच्या कडेला काळीठिक्कर माणसं फावड्यांना टेकून उभी होती. तिनं टोपली उघडली आणि एकेकाच्या हातात बुर्रो देत निघाली.

"घ्या भाऊ. घ्या. घ्या भाऊ."

एकानं बुर्रो घेतला पण तिचा हात सोडला नाही. "दोन दिवसांत नवऱ्याचा भाऊ केलास?"

तिनं निरखून पाहिलं. काजळीत दोन डोळे आणि दात. "आन्सेल्मो!"

"आईचे बूट घातलेस," तो म्हणाला. "आणि आईनं घालू दिले?" त्याला आगीपेक्षा याचंच नवल वाटलेलं दिसलं.

माणसं उभ्यानंच जेवली. एका हाताचं फावडं सुटलं नाही, दुसऱ्या हातातला बुर्रो सुटला नाही, आणि एकाचीही पोळी फाटली नाही. चावल्यावर आतला राजमा अजून ऊन होता. एक पोरगेलासा गडी डोळे मिटून खात होता. खाता खाता त्याच्या गालांवरून काजळीत दोन पांढरे ओघळ उतरले. ते चिल्टेपीनचे की कशाचे, कुणी विचारलं नाही. खाऊन झाल्यावर त्यानं फडकं डोळ्यांना लावलं आणि म्हणाला, "चोनाकाकीला सांगा..." आणि वाक्य अर्धंच टाकून तो चराकडं वळला.

तेवढ्यात रेयेसनं शिटी वाजवली.

"आता पेटवायची," आन्सेल्मो म्हणाला.

"काय पेटवायची?"

"आपली आग. तू पट्ट्याच्या मागं जा. आणखी मागं."

माणसं पट्ट्याच्या कडेनं हाकेच्या अंतरावर उभी राहिली. हातात पेटते पलिते. पुढं गवत, झुडपं, पाईनचा वाळका पाला. पण कुणी हलेना. सगळे रेयेसकडं बघत होते आणि रेयेस पलित्याच्या धुराकडं बघत होता. मोठी आग वर येत होती. नेरेइदाला चेहऱ्यावर झळ जाणवली. खेचरं मागं ओढायला लागली. आता पेटवा, तिला ओरडावंसं वाटलं, आता! पण रेयेस थांबला. पलित्याचा धूर त्यांच्या अंगावर येत होता, मग सरळ वर गेला, आणि मग हळूच उलटा वळला. आगीकडं. ती मोठी आग आता स्वतःकडं वारा ओढून घेत होती.

"लावा!"

एकेचाळीस पलिते खाली टेकले. धाकटी आग लागली आणि उतरणीवरून खाली पळत सुटली, घरी बोलावल्यासारखी. दोन्ही आगी एकमेकींकडं धावल्या. भेटल्या त्या जागी ज्वाळांची एक भिंत उभी राहिली, देवळाच्या मनोऱ्याहून उंच, आणि असा आवाज झाला की नेरेइदाच्या छातीतला श्वास बाहेर ओढला गेला. तिला वाटलं, जग इथंच संपतंय.

आणि मग भिंत बसली. जळायला काही उरलंच नव्हतं. एका माणसानं खाली बसावं तशी आग खाली बसली.

हिलारिओ आजोबांनी क्रूसाची खूण केली. पट्ट्याच्या अलीकडं हिरवं रान होतं तसंच होतं, आणि त्यात कुठंतरी एक पक्षी, सकाळ झाल्याच्या समजुतीनं, बोलायला लागला.

नेरेइदा खाली आली तेव्हा दिवस मावळला होता. पायांना फोड आले होते. चोनाबाई अंगणात बाकावर बसलेली, दोन्ही हात मांडीवर उताणे ठेवून. कोपरापासून मनगटापर्यंत भाजल्याचे तांबडे पट्टे. लिब्रादाकाकू त्यांना कोरफडीचा गर लावत होती.

"कमी पडले का?" चोनाबाईनं विचारलं.

"नाही."

"पोरगा?"

"बराय. काळा झालाय." मग नेरेइदानं सांगायला सुरुवात केली, आगीचा आवाज, ते थांबणं, तो उलटा वळलेला धूर. चोनाबाईनं मधे एकही चिमटा काढला नाही. फक्त शेवटी म्हणाली, "रेयेसचा बाप पण असाच थांबायचा. मी लहान होते तेव्हा. मी पाहिलंय." आणि तिनं मान वळवून डोंगराकडं पाहिलं. तिथं आता ज्वाळा नव्हती, नुसता लालसर श्वास होता.

बुधवारी निखारे विझवायला माणसं वरच राहणार होती. म्हणजे आणखी एक खेप. पहाटे चोनाबाईनं उंडा उचलला आणि तिचे हात खांद्याच्या वर जाईनात. तिनं पुन्हा प्रयत्न केला. मग उंडा खाली ठेवला आणि सुनेकडं पाहिलं.

"माझ्यानं फाटते," नेरेइदा म्हणाली.

"तू ओढतेस म्हणून फाटते. ओढलं की ती भांडते. हातावर घे आणि थांब. तिला तिच्या वजनानं उतरू दे."

पहिली फाटली. दुसरीही. तिसरी नेरेइदानं हातांवर घेतली आणि काहीच केलं नाही. नुसती उभी राहिली, श्वास धरून. पोळी मनगटावरून सरकली. तिला ती सरकताना कातडीवर कळली, गार, जड, जिवंत. कोपरापर्यंत आली. कडेला जाड राहिली, एका बाजूला लांब झाली, गोल तर नव्हतीच. पण मधून पहाटेचा उजेड आला.

नेरेइदाला हलायची भीती वाटत होती.

"नकाशा झालाय," लिब्रादाकाकू म्हणाली. "कुठल्या देशाचा गं?"

"बेराक्रूसचा," चोनाबाई म्हणाली. "समुद्र इकडं दिसतोय. भाज आता, नाहीतर वाळेल."

त्या दिवशी वर सत्तर बुर्रो गेले. त्यांतले किती वेडेवाकडे होते ते वरच्यांनी कधी सांगितलं नाही. संध्याकाळी माणसं उतरली. त्यांनी अंगणात बसून, ताटात, चमच्यानं, गरम रस्सा खाल्ला आणि बसल्या जागी झोपली. सरकारी टोळी गुरुवारी आली, जळकी उतरण बघितली, तो तीन पावलांचा पट्टा पायांनी मोजला, आणि टोळीचा मुख्य म्हणाला की हे कुणी केलं त्यांची नावं लिहून घ्या. नावं लिहून घेतली. एकेचाळीस.

रविवारी नेरेइदानं गावातल्या दुकानातून आईला फोन लावला.

"आग लागली होती म्हणे तुमच्याकडं?" आई ओरडून बोलत होती. खानावळीत गर्दी असणार. "तू काय करत होतीस?"

नेरेइदानं तोंड उघडलं. पोळीतून दिसलेला डोंगर, समुद्राचा आवाज करणारी आग, टोपी छातीशी धरलेले आजोबा.

"स्वयंपाक," ती म्हणाली.

"मग बरं," आई म्हणाली. "मला वाटलं, डोंगरावर गेलीस की काय."